व्हायकिंग पूर्वेकडे गेले ते चांदीच्या मागे

प्रश्न असा आला आहे: "व्हायकिंगांनी रशिया स्थापन केला असे वाचले. हे कितपत खरे? इंग्लंड-फ्रान्सच्या किनाऱ्यांवर धाडी घालणारे दर्यावर्दी लोक रशियाच्या जंगलात, समुद्रापासून हजार-दीड हजार किलोमीटर आत गेले कसे आणि कशासाठी? आणि पुढे त्यांचे काय झाले?"

माझे काम मध्ययुगीन नाण्यांचे, त्यातही इस्लामी दिरहमांचे, म्हणजे चांदीच्या नाण्यांचे. त्यामुळे मी उत्तर चांदीच्या बाजूने देणार. राजे-रजवाडे मागून येतील.

आधी थोडक्यात. दहाव्या शतकात कीव्हला जे राज्य उभे राहिले, त्याचे राजघराणे आणि त्याच्या हत्यारबंद व्यापाऱ्यांची पहिली पिढी मूळची स्कँडिनेव्हियातली, मुख्यतः आजच्या स्वीडनमधली होती. याबद्दल आता गंभीर अभ्यासकांत शंका उरलेली नाही. पण "रशिया स्थापन केला" हे म्हणणे दोन ठिकाणी लंगडे पडते. एक तर त्या राज्याचा वारसा आज रशियाइतकाच युक्रेन आणि बेलारूसचाही आहे. दुसरे म्हणजे ही माणसे राज्य स्थापायला आलीच नव्हती. ती चांदी मिळवायला आली होती. चांदीचा ओघ चालू राहावा म्हणून त्यांनी जी व्यवस्था लावली, ती हळूहळू राज्य होऊन बसली.

आता हातात एक दिरहम घ्या. दहाव्या शतकातला, मध्य आशियातल्या सामानी घराण्याचा, शाश म्हणजे आजच्या ताश्कंदच्या टांकसाळीतला. तीन ग्रॅमच्या आसपास वजन, पत्र्यासारखा पातळ. त्यावर राजाचे चित्र नाही, कसलेच चित्र नाही, नुसती कुफी लिपीतली अक्षरे. मधोमध कलमा आणि कडेने गोल फिरणारी ओळ: अल्लाच्या नावाने हा दिरहम अमुक गावी, अमुक साली पाडला. साल अंकांत नसते, अक्षरी लिहिलेले असते. इतिहासकाराला याहून मोठे वरदान नाही. स्वीडनच्या शेतात नांगराला एखादा हंडा लागला, की त्यातले सर्वांत उशिराचे नाणे पाहायचे. हंडा कधी पुरला याचा अंदाज लगेच येतो आणि चांदी कुठून निघाली तेही कळते.

तोच दिरहम पालथा करून उजेडात तिरपा धरला, की आणखी काही दिसू लागते. कडेला सुरीच्या टोकाने मारलेले बारीक टोचे असतात. चांदी अस्सल की वरून मुलामा दिलेला, हे पाहण्यासाठी ते मारलेले. पुष्कळदा तर नाणे अखंड नसतेच, अर्धे किंवा पाव कापलेले असते. उत्तरेकडच्या या गिऱ्हाइकांना नाण्याच्या किमतीशी देणेघेणे नव्हते. त्यांचा व्यवहार वजनावर चाले. म्हणून त्यांच्या थडग्यांत घडीचे छोटे तराजू आणि फाशासारखी कोपरे कापलेली वजने सापडतात. ही मापे नवव्या शतकाच्या उत्तरार्धात इस्लामी जगातून तिकडे पोचली. तलवार चित्रपटांत शोभते, पण पूर्वेकडच्या व्हायकिंगाची खरी ओळख त्याच्या कमरेच्या थैलीतला तराजू सांगतो.

ही चांदी किती होती? स्वीडनच्या एकट्या गॉटलंड बेटावर सातशेहून अधिक चांदीचे साठे निघाले आहेत. त्यातला सर्वांत मोठा स्पिलिंग्ज येथे 1999 मध्ये सापडला. 67 किलो चांदी, त्यात 14,000 हून अधिक नाणी आणि त्यांतली बहुतेक इस्लामी. तो साठा 870 नंतर लवकरच केव्हातरी पुरला गेला. त्याच ढिगात एक विलक्षण नाणे आहे. खझारांनी दिरहमाची नक्कल करून पाडलेले, पण त्यावर "मुसा (म्हणजे मोझेस) हा ईश्वराचा प्रेषित" असा मजकूर. खझार हे कॅस्पियनच्या उत्तरेला राज्य करणारे तुर्की लोक. त्यांच्या राज्यकर्त्यांनी ज्यू धर्म स्वीकारला होता आणि त्या घटनेचा हा चांदीवर कोरलेला पुरावा बाल्टिक समुद्रातल्या एका बेटावर निघाला.

मागे जाऊ. युरोपात व्हायकिंग युगाचा आरंभ 793 साली, इंग्लंडच्या लिंडिसफार्न मठावरच्या धाडीपासून मोजायची पद्धत आहे. पूर्वेकडचे पुरावे त्याआधीचे आहेत. एस्टोनियाच्या सारेमा बेटावर, साल्मे या गावी, 2008 मध्ये केबलसाठी खणताना माणसांची हाडे लागली. पुढच्या उत्खननात दोन जहाजे आणि त्यांत नीट मांडून पुरलेले चाळीसहून अधिक पुरुष सापडले. सोबत तलवारी, ढाली आणि सोंगट्या. काळ साधारण 750 चा. दातांच्या तपासणीतून त्यांतले बरेच जण मध्य स्वीडनमधले होते असे दिसले. म्हणजे पश्चिमेला पहिली प्रसिद्ध धाड पडण्याच्या चाळीस वर्षे आधी स्वीडिश लोक पूर्व किनाऱ्यावर लढून मरत होते.

आणि वस्तीही करत होते. फिनलंडच्या आखातातून नेवा नदीने आत शिरले की लादोगा हे अवाढव्य सरोवर लागते. त्यात दक्षिणेकडून वोल्खोव नदी येऊन मिळते. तिच्या काठावर स्तारया लादोगा हे गाव आहे. तिथल्या घरांच्या लाकडातली वर्तुळे मोजली तेव्हा सर्वांत जुने लाकूड 753 साली तोडलेले निघाले. थरांत स्कँडिनेव्हियन लोहाराची अवजारे, फिनिश लोकांची भांडी, स्लाव्ह लोकांच्या वस्तू आणि काचेचे मणी, सगळे एकत्र सापडते. एका जातीजमातीचे गाव म्हणावे असे ते कधीच नव्हते.

प्रश्नातल्या "गेले कसे" याचे उत्तर या गावापासून सुरू होते. समुद्रावर चालणारी मोठी जहाजे इथेच थांबत. पुढे वोल्खोवमध्ये खडकाळ उतार आहेत, म्हणून माल नदीत चालणाऱ्या लहान होड्यांत भरायचा. वोल्खोवने इल्मेन सरोवर गाठायचे. तिथून दोन वाटा फुटत. पूर्वेची वाट छोट्या नद्यांनी वोल्गाकडे जाई आणि वोल्गाने तिच्या काठच्या बुल्गार लोकांपर्यंत, खझारांपर्यंत आणि कॅस्पियनपर्यंत. दक्षिणेची वाट लोवात नदीने, मग पश्चिम द्वीनाने, मग नीपरने काळ्या समुद्रापर्यंत. एका नदीचे पाणी संपून दुसरीचे सुरू होईपर्यंत जो जमिनीचा पट्टा लागे, तिथे होड्या ओंडक्यांवरून ओढत न्यायच्या. हे एकट्याच्या आवाक्यातले काम नाही. वाटेवरच्या स्लाव्ह आणि फिनिश गावांची माणसे, बैल आणि धान्य लागते. म्हणून जिथे होडी ओढावी लागे, त्याच्या जवळपास वस्त्या वाढल्या. स्मोलेन्स्कजवळचे ग्नेज्दोवो हे त्यातले सर्वांत मोठे. तिथे एके काळी चार हजारांवर थडग्यांचे उंचवटे होते.

ग्नेज्दोवोच्या थडग्यांत एक वस्तू वारंवार निघते आणि ती मला तलवारींपेक्षा महत्त्वाची वाटते: कासवाच्या पाठीसारखी फुगीर, अंडाकृती कांस्य पदके. स्कँडिनेव्हियन बायका ती जोडीने वापरत, खांद्यांवरचे पट्टे अडकवायला. हा फॅशनचा दागिना नाही, विशिष्ट पेहरावाचा भाग आहे. तो पेहराव नसेल तर पदकांचा उपयोग शून्य. म्हणजे नुसते टोळभैरव आले, लुटून गेले, असे नाही. बायका आल्या, संसार थाटले आणि निदान एक-दोन पिढ्या माहेरचा पोशाख टिकवला.

आता माल. चांदीच्या बदल्यात हे लोक देत काय होते? नवव्या शतकात बगदादच्या दरबारातला टपाल खात्याचा अधिकारी इब्न खुर्दाधबिह लिहितो, की "रुस" नावाचे व्यापारी, म्हणजे हेच पूर्वेकडचे व्हायकिंग, बीव्हर आणि काळ्या कोल्ह्याची कातडी आणि तलवारी घेऊन येतात. कधी कधी उंटांवर माल लादून थेट बगदादपर्यंत पोचतात. तिथे स्लाव्ह खोजे त्यांचे दुभाषी होतात. आपण ख्रिस्ती आहोत असे सांगून ते जिझिया भरतात. या शेवटच्या वाक्यावर मी दरवेळी थांबतो. ते तेव्हा ख्रिस्ती असण्याची शक्यता फार कमी. पण मूर्तिपूजक म्हणून घेण्यापेक्षा ख्रिस्ती म्हणवून कर भरणे परवडते, हे त्यांनी बरोबर ताडले होते.

कातडी, मध, मेण हे सगळे होतेच. पण सर्वांत जास्त पैसा माणसांच्या व्यापारात होता. हे गोड करून सांगण्यात अर्थ नाही. दहाव्या शतकाच्या सुरुवातीला इब्न रुस्ता स्पष्ट लिहितो: रुसांना शेती नाही, ते स्लाव्हांवर होड्यांतून चाल करून जातात, त्यांना धरतात आणि खझार व बुल्गारांना विकतात. मुलगा जन्मला की बाप त्याच्यापुढे उपसलेली तलवार टाकून म्हणतो, की मी तुझ्यासाठी काही ठेवून जाणार नाही, या तलवारीने मिळवशील तेवढेच तुझे. ही हकीकत ऐकीव असेल. पण गुलामांच्या व्यापाराला अनेक बाजूंनी दुजोरा मिळतो. मध्य आशियातल्या खाणींतून निघालेली जी चांदी आज गॉटलंडच्या संग्रहालयात चमकते, तिचा मोठा भाग कुणाच्या तरी विकल्या गेलेल्या पोराबाळांची किंमत आहे.

इब्न फदलानचे नाव बऱ्याच जणांनी ऐकले असेल. खलिफा अल्-मुक्तदिरच्या वकिलातीबरोबर तो 921 मध्ये बगदादहून निघाला आणि 922 मध्ये वोल्गाकाठच्या बुल्गारांकडे पोचला. तिथे त्याने रुस व्यापारी डोळ्यांनी पाहिले. खजुराच्या झाडासारखे उंच आणि त्याच्या मते जगातले सर्वांत घाणेरडे. होडीत प्रेत ठेवून ती जाळण्याचा आणि सोबत एका दासीला मारण्याचा जो विधी त्याने लिहून ठेवला, तो सगळीकडे उद्धृत होतो. मी इथे दुसऱ्या दोन गोष्टी सांगतो. एक, रुस व्यापारी लाकडी मूर्तीपुढे नैवेद्य ठेवून प्रार्थना करतो ती अशी: माझ्याकडे भरपूर दीनार-दिरहम असलेला व्यापारी पाठव, जो मी सांगेन त्या भावाला घेईल आणि घासाघीस करणार नाही. दुसरी, नवऱ्याकडे दहा हजार दिरहम झाले की बायकोच्या गळ्यात एक कडे, वीस हजार झाले की दुसरे. दहा हजार दिरहम म्हणजे तीस किलो चांदी. अतिशयोक्ती वाटेल, पण स्पिलिंग्जच्या शेतातला साठा या हिशेबाने दोन कड्यांच्या वर भरतो.

जाता जाता. याच काळात लिहिणारा अल्-मसूदी रुसांनी 912-13 च्या सुमारास कॅस्पियन समुद्रात शिरून घातलेल्या मोठ्या धाडीचे वर्णन करतो. पाचशे जहाजे, प्रत्येकात शंभर माणसे, हा त्याचा आकडा. आणि हाच अल्-मसूदी 916 च्या सुमारास आपल्या चौलला येऊन गेला होता. चौलला तो सैमूर म्हणतो. तिथे राहणाऱ्या दहा हजार मुसलमानांची, राष्ट्रकूटांची आणि त्यांच्या हाताखालच्या झंझ या शिलाहार राजाची नोंद त्याने केली आहे. कोकण किनारा आणि वोल्गा यांचा थेट संबंध नव्हता. पण दोन्हींच्या बातम्या एकाच माणसाच्या वहीत येत होत्या, इतके ते व्यापाराचे जग गुंतलेले होते. स्वीडनमधल्या हेल्गो बेटावर सहाव्या शतकातली, स्वात खोऱ्याच्या बाजूची एक छोटी बुद्धमूर्ती निघाली, तिचे नवल मग थोडे कमी होते.

आता राज्याकडे वळू. "रुस" हे नाव पश्चिमेच्या कागदपत्रांत पहिल्यांदा येते ते 839 मध्ये. बायझंटाइन सम्राट थिओफिलोसने फ्रँक सम्राट लुई याच्याकडे वकील पाठवले. त्यांच्यासोबत स्वतःला "र्होस" म्हणवणारे काही लोक होते. आपल्या राजाला ते "खागान" म्हणत, म्हणजे पदवी खझारांची. लुईने चौकशी केली तर हे निघाले स्वीड. उत्तरेच्या लुटारूंचा फ्रँकांना चांगलाच अनुभव आला होता. हे हेर असावेत म्हणून त्याने त्यांना अडकवून ठेवले. म्हणजे 839 मध्येच पूर्व युरोपात कुठेतरी स्वीडिश मूळ, तुर्की पदवी आणि बायझंटाइन दरबाराशी बोलणी, असे एक मिश्रण तयार झालेले होते.

आणि 862 ची ती प्रसिद्ध गोष्ट? कीव्हच्या मठात बाराव्या शतकाच्या सुरुवातीला संकलित झालेले इतिवृत्त सांगते, की उत्तरेच्या स्लाव्ह आणि फिनिश टोळ्यांनी समुद्रापारच्या वरांगियन लोकांना, म्हणजे व्हायकिंगांना, निरोप धाडला: आमचा मुलूख मोठा आणि संपन्न आहे, पण त्यात शिस्त नाही, या आणि राज्य करा. मग रुरिक आणि त्याचे दोन भाऊ आले. ही गोष्ट घटनेनंतर अडीचशे वर्षांनी लिहिली गेली, तीही रुरिकाच्या वंशजांच्या राज्यात. तीन भावांना आमंत्रण हा लोककथेचा ठरीव साचा आहे. रुरिक नावाचा कुणी असेलही. पण "आम्हाला बोलावले म्हणून आलो" हे सत्ताधाऱ्याचे कायमचे लाडके वाक्य आहे. ते जसेच्या तसे पुरावा म्हणून घेता येत नाही.

या एका परिच्छेदावरून अडीचशे वर्षे भांडण चालले आहे. 1749 मध्ये सेंट पीटर्सबर्गच्या अकादमीत जर्मन इतिहासकार म्यूलर याने रुसांचे मूळ स्कँडिनेव्हियन असल्याचे भाषण तयार केले. रशियन पंडित लोमोनोसोव्हने त्यावर तुटून पडून ते रशियाचा अपमान ठरवले. भाषण झालेच नाही. सोव्हिएत काळातही अधिकृत सूर स्कँडिनेव्हियन वाटा कमी लेखण्याचा होता. उलट बाजूने जर्मन वंशवाद्यांनी "स्लाव्हांना स्वतः राज्य करता येत नाही" असा अर्थ काढला. तो निव्वळ विषारी होता. दोन्ही पक्षांचे गृहीतक एकच आणि चुकीचे होते: राज्य म्हणजे कुणीतरी एका वंशाने बांधून दिलेली इमारत. ग्नेज्दोवो आणि लादोगाचे थर पाहिले की हा वाद तिथल्या माणसांना कळलाच नसता असे वाटते.

राज्य घडताना पाहायचे असेल तर दहाव्या शतकातल्या बायझंटाइन सम्राट सातव्या कॉन्स्टन्टाइनने मुलासाठी लिहून ठेवलेले टिपण वाचावे. त्यात रुसांचे वर्षाचे वेळापत्रक आहे. नोव्हेंबरात त्यांचे सरदार कीव्हमधून बाहेर पडत आणि अंकित स्लाव्ह टोळ्यांच्या मुलखांत फिरत. हिवाळाभर त्यांच्याकडेच राहत, खात-पीत आणि खंडणी गोळा करत. मराठी वाचकाला हे समजावून सांगावे लागणार नाही. दसऱ्याला सीमोल्लंघन करून निघणारी मुलूखगिरी डोळ्यांपुढे आणा, फक्त इथे पाऊस संपण्याऐवजी बर्फ पडण्याची वाट पाहायची. त्याच हिवाळ्यात स्लाव्ह जंगलांत एकेका झाडाच्या खोडातून होड्या कोरत. वसंतात बर्फ वितळले की त्या कीव्हला आणून रुसांना विकत. रुस जुन्या होड्यांची वल्ही आणि खुंट काढून नव्यांना बसवत. जूनमध्ये ताफा निघे.

खरी कसोटी पुढे होती. कीव्हच्या दक्षिणेला नीपरच्या पात्रात ओळीने प्रपात होते. सम्राटाने त्यांची नावे दोन भाषांत दिली आहेत, रुसांच्या आणि स्लाव्हांच्या. रुसांची नावे स्वच्छ स्कँडिनेव्हियन आहेत. पहिल्या काहींत उघडे होऊन, पायांनी खडक चाचपत काठाकाठाने होडी ढकलायची. चौथा, आइफोर, सर्वांत भयंकर. तिथे सगळा माल उतरवायचा, साखळदंडांतल्या गुलामांना सहा मैल जमिनीवरून चालवत न्यायचे आणि होड्या ओढत किंवा खांद्यावर वाहून न्यायच्या. पेचेनेग या गवताळ प्रदेशातल्या भटक्या टोळ्या दबा धरून बसलेल्या असत, म्हणून पहारा वेगळा. सगळे पार पडले की खोर्तित्सा बेटावरच्या प्रचंड ओकवृक्षाखाली कोंबड्यांचा बळी देत. गॉटलंडमधल्या पिल्गोर्द येथे एका दगडावर रूनी या जुन्या स्कँडिनेव्हियन लिपीत काही भावांनी आपल्या साथीदाराच्या स्मरणार्थ लेख कोरला आहे. ते "आइफूर" पर्यंत जाऊन आले, असे त्यात आहे. सम्राटाच्या टिपणातले ठिकाण शेकडो कोस दूर, एका बेटावरच्या दगडावर! असे जुळले की दिवस चांगला जातो. ते प्रपात आज पाण्याखाली आहेत. 1932 मध्ये पुऱ्या झालेल्या नीपर धरणाने ते बुडवले.

एवढे कष्ट करून बायझंटाइन राजधानी कॉन्स्टँटिनोपलला पोचायचे ते कशाला? रेशीम, दारू, सोने आणि राजकीय मान्यता यांसाठी. आधी त्यांनी नेहमीचा मार्ग वापरून पाहिला. 860 मध्ये शहरावर अचानक हल्ला केला आणि बिशप फोटिओसने भेदरलेल्या शहराला उद्देशून प्रवचने दिली. 941 मध्ये कीव्हचा राजा ईगोर याचा ताफा बायझंटाइनांच्या "ग्रीक अग्नी" या पेटत्या द्रवाने जळाला. पण मधल्या काळात करार झाले आणि त्यांतली कलमे मोठी वाचनीय आहेत. रुस व्यापाऱ्यांनी शहराबाहेर सेंट मामास भागात उतरायचे. सरकार त्यांची नावे लिहून घेणार. एकाच दरवाजातून, निःशस्त्र, पन्नास-पन्नासच्या गटाने आत यायचे. मोबदल्यात महिन्याचा शिधा, परतीला दोर आणि शिडे, आणि हमामात हवे तितके स्नान. इब्न फदलानने हे कलम वाचले असते तर बरे वाटले असते.

911 च्या कराराखाली रुसांच्या बाजूने जी नावे आहेत ती कार्ल, इंगेल्ड, फार्लोफ, वेर्मुद अशी जवळजवळ सगळी स्कँडिनेव्हियन. 944 च्या करारात हीच यादी लांबते आणि तिच्यात स्लाव्ह नावे मिसळतात. ईगोरच्या मुलाचे नावच स्व्यातोस्लाव्ह. शपथ घेतली ती स्लाव्ह देव पेरून याच्या नावाने, आणि त्यांतल्या ख्रिस्ती रुसांनी कीव्हच्या चर्चमध्ये. एका पिढीचा फरक. बाप ईगोर, म्हणजे इंग्वार, आई ओल्गा, म्हणजे हेल्गा, मुलगा स्व्यातोस्लाव्ह.

ईगोरचा अंत खंडणीच्याच हव्यासाने झाला. 945 मध्ये द्रेव्हल्यान टोळीकडून एकदा वसूल केल्यावर तो थोड्या माणसांनिशी पुन्हा वसुलीला गेला. लांडग्याला चटक लागली तर तो अख्खा कळप नेईल, असे म्हणून त्यांनी त्याला मारले. ओल्गाने घेतलेल्या सुडाच्या कथा भडक आहेत, त्या सोडून देतो. महत्त्वाचे ते तिने नंतर केले. कुठे किती द्यायचे हे तिने ठरवून दिले आणि वसुलीची ठाणी बांधली. लूट संपून महसूल सुरू झाला तो इथे. मला विचाराल तर राज्याची स्थापना 862 ला नाही, ओल्गाच्या या ठाण्यांत झाली.

स्व्यातोस्लाव्हचे वर्णन बायझंटाइन लेखक लिओ याने केले आहे. मध्यम उंची, निळे डोळे, डोके तासलेले, एका बाजूला केसांची बट सोडलेली, एका कानात दोन मोत्यांची सोन्याची बाळी, पांढरा साधा अंगरखा, आणि सम्राटाच्या भेटीला येताना इतरांसारखाच वल्हे मारत बसलेला. ती शेंडी गवताळ प्रदेशातल्या घोडेस्वारांची, वल्हे उत्तरेचे, नाव स्लाव्ह. 965 च्या सुमारास त्याने खझारांचा सार्केल हा किल्ला उद्ध्वस्त केला, पुढे बाल्कनमध्ये लढला, आणि 972 मध्ये त्याच नीपरच्या प्रपातांवर पेचेनेगांच्या हातून मेला. त्यांनी त्याच्या कवटीचा प्याला केला.

याच सुमारास चांदीने दगा दिला. सामानी दिरहमांतील चांदीचे प्रमाण घसरत गेले आणि दहाव्या शतकाच्या उत्तरार्धात उत्तरेकडे येणारा ओघ आटला. अकराव्या शतकाच्या सुरुवातीला तो थांबलाच. परिणाम नकाशावर दिसतो. स्वीडनचे बिर्का शहर ओस पडले, ग्नेज्दोवो मागे पडले आणि गॉटलंडच्या साठ्यांत जर्मन व इंग्रजी नाणी भरू लागली. ज्यांचे सगळे चांदीवर होते ते बुडाले. ज्यांच्याकडे आता जमीन, महसूल आणि प्रजा होती, ते टिकले.

कीव्हचा व्लादिमीर हा टिकणाऱ्यांतला. भावाशी झालेल्या भांडणात तो समुद्रापार पळाला, वरांगियन भाडोत्री घेऊन परतला आणि 980 च्या आसपास कीव्ह जिंकले. विजयानंतर भाडोत्र्यांनी माणशी दोन ग्रिव्ना (चांदी मोजायचे माप) मागितले. व्लादिमीरने महिनाभर थांबा म्हणून सांगितले आणि शेवटी वाटाण्याच्या अक्षता लावल्या. निवडक माणसे ठेवून बाकीच्यांना त्याने कॉन्स्टँटिनोपलची वाट दाखवली. आणि त्यांच्या आधी सम्राटाला निरोप पाठवला: हे येत आहेत, यांना शहरात ठेवू नका, पांगवा, आणि एकालाही इकडे परत पाठवू नका. स्वतःच्या पणजोबांच्या जातभाईंबद्दल ही भाषा! 988 मध्ये त्याने ख्रिस्ती धर्म स्वीकारला, सम्राट दुसऱ्या बेसिलची बहीण आना हिच्याशी लग्न केले आणि बंडाने बेजार झालेल्या बेसिलला सहा हजार सैनिक दिले. त्यांतूनच सम्राटांचे वरांगियन अंगरक्षक दल उभे राहिले.

चांदी येईना तेव्हा व्लादिमीरने स्वतःची नाणी पाडली. ओबडधोबड, चांदी बेताची, छाप कधी सरळ कधी तिरकस. एका बाजूला सिंहासनावर बसलेला राजा आणि मजकूर "व्लादिमीर सिंहासनावर". दुसऱ्या बाजूला "आणि ही त्याची चांदी". लिपी सिरिलिक, भाषा स्लाव्ह, नमुना बायझंटाइन. सोबत घराण्याचे त्रिशूळाकृती चिन्ह, जे आज युक्रेनची राजमुद्रा आहे. रूनी लिपीतले एक अक्षरही त्यावर नाही.

मग व्हायकिंग गेले कुठे? कुठेही गेले नाहीत, स्लाव्ह झाले. नवे येत राहिले, पण नोकरीला. व्लादिमीरचा मुलगा यारोस्लाव्ह याने स्वीडनच्या राजाची मुलगी इंगेगेर्ड हिच्याशी 1019 मध्ये लग्न केले. नॉर्वेचा हाराल्ड 1030 नंतर परागंदा होऊन त्याच्याच पदरी राहिला, मग कॉन्स्टँटिनोपलच्या अंगरक्षक दलात गेला आणि गडगंज होऊन परतला. त्याने यारोस्लाव्हची मुलगी केली, नॉर्वेचा राजा झाला आणि 1066 मध्ये इंग्लंडमध्ये लढताना मेला. मध्य स्वीडनमधले पंचवीसेक रूनी दगड इंग्वार नावाच्या नायकाबरोबर पूर्वेला जाऊन 1040 च्या सुमारास मेलेल्या माणसांची आठवण जपतात. ग्रिप्सहोल्मच्या दगडावर लिहिले आहे, की ते सोन्यासाठी दूर गेले आणि दक्षिणेत सेर्कलंडमध्ये, म्हणजे मुसलमानी मुलखात, मेले. 

रुसांचा सर्वांत जुना कायदा यारोस्लाव्हच्या काळापासूनचा. त्यात मारहाणीचे एक कलम आहे. कुणी कुणाला धक्का मारला तर फिर्यादीने दोन साक्षीदार आणावेत. पण फिर्यादी वरांगियन असेल तर त्याने नुसती शपथ घेतली तरी चालेल. कारण उघड आहे: परक्या गावात परक्या माणसाच्या बाजूने साक्ष द्यायला कोण येणार? शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी ज्यांच्या नावांनी करारांच्या याद्या भरल्या होत्या, त्यांच्या गाववाल्यांसाठी कीव्हच्या राजाला आता परदेशी म्हणून वेगळी सोय करावी लागत होती.